पहिला नंबर सरांचा

मी भिंगारची. वडील छावणीतल्या एका स्टोअरमध्ये कामाला होते, फौजी नव्हे, सिव्हिलियन. आम्हाला क्वार्टर मिळालेलं, ओळीतलं पार शेवटचं, चिंचेखालचं. ओळीच्या दुसऱ्या टोकाला मोठ्या साहेबांचा बंगला आणि त्याच्या फाटकावर पांढऱ्या रंगात ठसठशीत 'एक'. मग त्यांच्या हाताखालचे साहेब दोन, तीन, चार. असं उतरत उतरत ते आमच्यापर्यंत यायचं. शाळेत पत्ता सांगितला की बाईंना लगेच कळायचं, हिचे वडील कोण. मला वाटायचं, जगात सगळीकडे असंच असणार. नंबर एक म्हणजे मोठं माणूस, आणि शेवटचा नंबर म्हणजे आम्ही.

हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे मी जो घोळ घातला त्याचं मूळ इथं आहे. आणि घोळ मीच घातला. दुसऱ्या कुणाच्या माथी मारायला मला जागा नाही. शोधली होती, पण सापडली नाही.

कॉम्प्युटर जोडणीचा कोर्स करून मी सुप्याच्या एमआयडीसीत एका कारखान्यात लागले होते. कॅमेरे, वायरी, स्विच, जे पडेल ते काम. कंत्राट संपलं आणि मी घरी बसले. घरी बसणं मला जमत नाही, आईशी रोज भांडण व्हायचं. तेवढ्यात पाथर्डीकडच्या डोंगरातल्या एका शाळेला कॉम्प्युटरवाली हवी आहे असं कळलं. शाळेला लागूनच वसतिगृह. त्या भागातली निम्मी गावं दिवाळी झाली की ऊसतोडीला जातात, श्रीगोंद्याकडे, आणखी कुठे कुठे. आईबाप जातात तशी पोरंही जायची, की शाळा सुटलीच. म्हणून शाळेने ठरवलं, हंगामभर पोरांना इथंच ठेवायचं. त्याचं हे पहिलंच वर्ष होतं. आठवड्यातून तीन दिवस जायचं आणि शनिवारी मुक्काम करायचा, असं माझं ठरलं.

शाळेत पोचले तर काय, कुठल्याशा शहरातून देणगीत आलेले जुने कॉम्प्युटर गोणपाटात गुंडाळून ठेवलेले. "चालतील का हो मॅडम?" मुख्याध्यापक सरांनी विचारलं. सर निवृत्तीला आलेले, पांढरा शर्ट, पायात साधी चप्पल. मी म्हटलं, "न चालायला काय झालं! चालवून दाखवते." मला असं बोलायची खोडच आहे. बोलून झाल्यावर रात्रभर झोप लागत नाही ती वेगळी गोष्ट.

पण चालवले. आठवडाभर खपून सगळे एकमेकांना जोडले, म्हणजे एका प्रिंटरवर सगळ्यांची छपाई होईल. तेव्हा इंटरनेटची लाईन आलेली नव्हती, नुसती घरातल्या घरात जोडणी. आता अशी जोडणी करायची तर प्रत्येक कॉम्प्युटरला एक पत्ता लागतो. चार आकडे, मध्ये टिंबं. १९२.१६८.१ आणि पुढे काहीतरी. पहिले तीन आकडे सगळ्यांचे सारखे, ती आपली ओळ झाली. शेवटचा आकडा ज्याचा त्याचा, तो दाराचा नंबर. दोन दारांना एकच नंबर दिला की गोंधळ, हे मी कोर्सच्या दुसऱ्या दिवशी शिकले होते.

मग मी बसले नंबर वाटायला. आणि वाटले कसे? जसे लहानपणी पाहिले तसे! एक सरांना. दोन पर्यवेक्षकांना, तीन क्लार्कला, आणि पोरांच्या खोलीतले कॉम्प्युटर अकरापासून पुढे. एकालाही मी विचारलं नाही आणि मला कुणी सांगितलं नाही. हात आपोआप तसाच गेला. चिठ्ठ्या लिहून प्रत्येकावर चिकटवल्या. खंडेनवमीला सरांनी कॉम्प्युटरांचीही पूजा करायला लावली. झेंडूची फुलं, हळदकुंकू. सरांच्या कॉम्प्युटरवरच्या '१' च्या चिठ्ठीला कुंकवाचं बोट लागलं ते कायमचं. सर हसून म्हणाले, "आमचा पहिला नंबर का?" मी म्हटलं, "मग कुणाचा असणार सर!" स्वतःवर मी भलतीच खूश होते.

दिवाळीनंतर पोरं वसतिगृहात आली. पत्र्याच्या पेट्या, पिशव्या, घोंगड्या आणि रडारड. आईबाप सोडायला आले होते, बाहेर रस्त्यावर टोळीचे ट्रॅक्टर उभे. त्यात सहावीतल्या एका पोरीची आई होती, उंच, काटकुळी, कडेवर वर्षाचं पोर. ती काही लेकीचा हात सोडेना. सरांनी समजावलं, तुमचा रोज फोन येऊ द्या, पोरीशी बोला. त्यावर ती काय म्हणाली ते मी जन्मात विसरणार नाही.

"फोनवर बोलून काय उपेग सर? आवाजाला काय हुतंय. पोरगी रडून, डोळं पुसून बी ग्वाड बोलंल. मला तिचं त्वांड दिसाया पायजे. आठ दिसातनं एकदा. न्हाई दिसलं तर म्या घिऊन जाईन, सांगून ठिवते. तिकडं बारकं सांबाळाया बी कोन न्हाई."

सर माझ्याकडे बघत होते. आणि मी, माझं तोंड थांबेल तर ना, म्हणाले, "दिसेल. दर रविवारी दिसेल. माझी जबाबदारी." तिने मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि लेकीचा हात सोडला.

झालं. बोलून बसले. शाळा डोंगराच्या पोटात, मोबाईलला रेंज घ्यायची तर पाण्याच्या टाकीवर चढावं लागतं, आणि तिथंही नुसतं हॅलो हॅलो. चित्र दिसणं तर दूरच. म्हणून सरांनी धावपळ करून खांबांवरून येणारी तारेची लाईन घेतली. लाईनवाला आला, भिंतीवर एक पांढरा बॉक्स ठोकला, दिवे लुकलुकले. "वायर लावा, नंबर बॉक्स आपोआप देतो," म्हणाला आणि मोटारसायकलला किक मारून गेला. मी पोरांच्या खोलीतले कॉम्प्युटर आपोआपवर करून टाकले, आधीच्या चिठ्ठ्या काढल्या. ऑफिसातले दोन आणि तीनही केले. सरांचा तेवढा राहिला. सर म्हणाले होते, "मला इंटरनेट नको बुवा, दोन पत्रं छापायची असतात, माझं आहे तसंच राहू द्या." म्हणून मी हात लावला नाही. खरं सांगायचं तर त्या कुंकवाच्या चिठ्ठीला हात लावायचा धीर झाला नाही.

पहिला रविवार झकास गेला. आमच्याकडे एक लॅपटॉप, तो वर्गाच्या टेबलावर ठेवला. तिकडे श्रीगोंद्याच्या बाजूला उसाच्या फडाजवळ टोळीने पाचटाच्या झोपड्या, कोप्या, टाकलेल्या, तिथं मुकादमाचा मोठ्या पडद्याचा फोन. संध्याकाळी सातला सुरुवात. एकेक पोर यायचं, आपल्या आईबापाशी चार मिनिटं बोलायचं. ती सहावीतली पोरगी यादीत नववी. तिची आई पडद्यावर आली, लेकीला डोळे भरून पाहिलं आणि म्हणाली, "बरी हायस." एवढंच. माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं. त्या दिवशी सर भाचीच्या लग्नाला गेले होते. ही गोष्ट लक्षात ठेवा. मी नव्हती ठेवली.

दुसऱ्या रविवारी सहा पोरं बोलून झाली आणि लाईन गेली. चित्र थिजलं, मग काळोख. मी वायर काढली, लावली, बॉक्स बंद केला, चालू केला, पुन्हा बंद केला. काही नाही. तिकडची माणसं पहाटे उठून फडात जाणारी, ती किती वेळ ताटकळणार! आठ वाजता मुकादमाचा फोन बंद झाला. सर त्यांच्या ऑफिसातून उठून दारात आले, "काय झालं मॅडम?" मी म्हटलं, "काही नाही सर, लाईनचा प्रॉब्लेम." सर हळहळत ऑफिसला कुलूप लावून गेले. पोरं जेवायला गेली. नंतर बघते तर लाईन छान चालू! मी लाईनवाल्याला फोन करून असं झापलं की बिचारा दुसऱ्या दिवशी खांबावर चढला. त्याला काही सापडलं नाही.

तिसऱ्या रविवारी तेच. पाच पोरं झाली, गेलं. या वेळी मी उंदरांना शिव्या घातल्या, सगळी वायर हाताने चाचपली, दोन टोकं नवीन काढली. सोमवारी तपासलं तर ठणठणीत. मग दिवसभर गाणी लावून ठेवली, एकदाही अडकलं नाही. आता मला सांगा, माणसाने करायचं काय? यंत्र नेमकं रविवारी संध्याकाळीच रुसायला त्याला काय पंचांग कळतं?

गुरुवारी टाकीवरून फोन लावला तेव्हा त्या पोरीच्या आईने सांगून टाकलं, "आता हा रविवार बगते. न्हाई दिसली तर सोमवारी तिचा बाप येतोय. पिशवी भरून ठिवा तिची." मी म्हटलं, "अहो, ती मजेत आहे, अभ्यासात हुशार आहे..." ती म्हणाली, "तुमी बी ग्वाडच बोलता." आणि फोन ठेवला.

शनिवारी मी पोचले तर पोरगी पायरीवर बसलेली. शेजारी भरलेली पिशवी. "आत्ताच कशाला भरलीस गं?" म्हटलं. तर म्हणाली, "आयनवेळी गडबड नको. लायब्रीचं पुस्तक बी दिलं म्या." गणिताचं पुस्तक मात्र पिशवीत घातलेलं, अगदी वर. फडावर कोपीत बसून वर्षाचं पोर सांभाळता सांभाळता ही गणितं करणार होती. मला एवढं भरून आलं की मी तिच्यावरच खेकसले, "जा आत, थंडीत बसू नको." मग खोलीत जाऊन रडले. रडले म्हणजे चांगली रडले, लपवायचं कशाला!

रविवारी सकाळपासून मी बॉक्ससमोर ठाण मांडलं. संध्याकाळी सातला सुरू केलं. पहिलं पोर झालं, दुसरं, तिसरं. माझे डोळे पडद्यावर आणि एक हात वायरवर. चौथं, पाचवं. पोरगी भिंतीला टेकून उभी, तोंड धुतलेलं, वेण्या घट्ट. तेवढ्यात स्वयंपाकाच्या मावशी चहाची किटली घेऊन बाहेरून जाताना दारात थांबल्या आणि म्हणाल्या, "झालं. आता जाईल बगा तुमचं."

माझं डोकंच फिरलं. "मावशी, शुभ बोला की जरा!"

"आवो शुभच बोलते. पन दर टायमाला आसंच हुतंय. सर आलं की मी त्यांचा चहा टाकते, चहाला उकळी आली की तुमच्या पोरी वरडत्यात, गेलं गेलं. म्या दोन आयतवार बगतेय."

"काहीतरीच काय मावशी! सरांचा काय पायगुण वाईट आहे का?"

"पायगुन न्हाई म्हनलं म्या. उकळीचं सांगितलं." आणि मावशी फणकाऱ्याने निघून गेल्या.

आणि पडदा थिजला. सहावं पोर "आई, आई" करत राहिलं.

मी तशीच उभी. सर आले की जातं. पहिल्या रविवारी गेलं नाही, तेव्हा सर लग्नाला. सर येतात, ऑफिसात बसतात. वर्गात येत नाहीत, कारण त्यांच्यासमोर पोरांना मोकळं रडता येत नाही, असं त्यांनीच मला सांगितलं होतं. एकटं बसून करायचं काय, म्हणून एरवी आठवडाभर बंद असलेला कॉम्प्युटर चालू करतात, एक-दोन पत्रं टाईप करतात. कॉम्प्युटर. त्याच्यावर कुंकवाचं बोट. त्याच्यावर 'एक'.

अगं बाई!

काय होत होतं ते सांगते, सोपं आहे. आपला कॉम्प्युटर काही पाठवायचं झालं की आधी पत्ता बघतो. पत्ता आपल्याच ओळीतला असेल तर थेट त्या दारात नेऊन टाकतो. बाहेरचा असेल, म्हणजे श्रीगोंद्याचा की अमेरिकेचा, त्याला सारखंच, तर तो स्वतः नेत नाही. ते सगळं फाटकाकडे द्यायचं. फाटक म्हणजे भिंतीवरचा पांढरा बॉक्स. आतले आपले १९२वाले नंबर बाहेर कुणाला ठाऊक नसतात. असले नंबर घरोघरी असतात, जसं प्रत्येक छावणीत पाच नंबरचं क्वार्टर असतं. म्हणून बॉक्स त्यावर स्वतःचा बाहेरचा पत्ता घालून पुढे धाडतो, आणि उत्तर आलं की कुणी विचारलं होतं हे आठवून त्याला आणून देतो. एवढा तो कामाचा. आणि जवळजवळ सगळीकडे रीत अशी की या बॉक्सला नंबर द्यायचा एक.

आता लॅपटॉपला एक नंबर कोण आहे हे कसं कळणार? तो ओळीत हाक मारतो, "एक नंबर कोण आहे रे?" जो ओ देईल त्याच्या हातात सगळं देऊन मोकळा. सर नसताना एकटा बॉक्स ओ द्यायचा. सर येऊन कॉम्प्युटर चालू करायचे आणि मग दोघं ओ द्यायचे. त्या देणगीतल्या जुन्या कॉम्प्युटरांवर जी मोफतची सिस्टिम होती तीही गरीब गाय, आपला नंबर दुसऱ्यानेही घेतलाय म्हणून चकार शब्द काढायची नाही. पोरांची बोलणी बॉक्सकडे जायच्या ऐवजी सरांच्या कॉम्प्युटरकडे जायची. त्याला त्यातलं काय कळणार? तो ती घ्यायचा आणि टाकून द्यायचा. आणि शेजारी बसून सर काळजी करायचे, आज तरी पोरांचं बोलणं होऊ दे रे देवा.

आणि हे सगळं मी केलं होतं. कोर्समध्ये शिकवलं होतं, एक नंबर फाटकाला ठेवा. पण मी छावणीत वाढलेली, मी तो मोठ्या माणसाला दिला.

मी धावत ऑफिसात गेले. सर चष्मा लावून एका बोटाने टाईप करत होते. मी म्हटलं, "सर, तो बंद करा. ताबडतोब."

सर दचकले. "का हो?"

"तुमच्यामुळे लाईन जाते."

असं बोलून गेले मी! सरांचा चेहरा खर्रकन उतरला. हात त्यांनी कीबोर्डवरून असे उचलले की जणू काही फोडलंच. "माझ्यामुळे?" म्हणाले. "मी तर मुद्दाम येतो..."

"तुमच्यामुळे नाही सर, माझ्यामुळे. माझी चूक आहे." आणि मी भडाभडा सगळं सांगितलं. बंगल्याचं, क्वार्टरचं, फाटकाचं, दोघं ओ देतात त्याचं. "तुमचा मान म्हणून एक नंबर दिला सर. तो नंबर मानाचा नाही. तो दारात उभं राहणाऱ्याचा आहे. सगळ्यांचं आणायचं-न्यायचं, हे त्याचं काम."

मला वाटलं, आता माझी धडगत नाही. सरांनी चष्मा काढला, त्या कुंकवाच्या चिठ्ठीकडे पाहिलं.

"मग मला दुसरा नंबर लागेल. शेवटचा कोणता?"

"दोनशे पंचावन्न. पण तो देता येत नाही. तो कुणा एकाचा नसतो, त्यावर हाक मारली की ओळीतले सगळे ऐकतात."

"म्हणजे जेवणाची घंटा."

"हो सर."

"मग घंटेच्या शेजारचा द्या."

"दोनशे चोपन्न? पार शेवटचा आहे सर."

"अहो, मी रोज पोरांची पंगत उठल्यावर जेवतो, ते बघता ना तुम्ही? घरचा माणूस शेवटीच बसतो." आणि त्यांनी स्वतःच्या नखाने ती चिठ्ठी खरवडून काढली. "चल पोरी, बोलत काय बसलीस, उरक लवकर. ती पोरगी उभी आहे तिकडे."

एरवी मला मॅडम म्हणणारा माणूस पहिल्यांदा पोरी म्हणाला. पण तेव्हा त्याचं काही वाटून घ्यायला सवड नव्हती. मी नंबर बदलला. घाईत दोनदा चुकले. बॉक्स दोनशे चोपन्नपर्यंत नंबर कधी वाटतच नव्हता, त्यामुळे तिथं भांडण नव्हतं. पळत वर्गात आले, लॅपटॉपला जुनंच दार आठवत असणार म्हणून तो बंद करून पुन्हा चालू केला. आठला सात मिनिटं कमी. मुकादमाचा फोन फडावर आहे की कुठे हलवला, त्याचा पत्ता आता काय असेल, हे मला माहीत नव्हतं आणि माहीत असायची गरजही नव्हती. तो फोन जिथं जाईल तिथं नवा नंबर घेतो आणि दूरच्या एका मोठ्या कॉम्प्युटरकडे हजेरी लावतो, मी इथं आहे म्हणून. आम्हीही तिथंच विचारतो. बिऱ्हाड हललं तरी माणूस सापडतं, ते असं. फक्त आपलं दार उघडं पाहिजे.

रिंग गेली. एक, दोन, तीन. चौथ्या रिंगला मुकादमाचं नाक दिसलं, मोठंच्या मोठं.

मी यादी बाजूला ठेवली. "हिला आधी बोलू द्या," म्हटलं. सहावं, सातवं, आठवं, कुणीही कुरकूर केली नाही. सगळ्यांना तिची पिशवी माहीत होती.

पोरगी स्टुलावर बसली. तिकडे कोपीसमोर बॅटरीच्या उजेडात तिची आई आली, डोक्याला फडकं तसंच, कडेवर पोर पेंगलेलं. दारात सर येऊन उभे होते, आत न येता. त्यांच्यामागे मावशी.

"रडलीस का गं?" आईने विचारलं.

"न्हाई."

"खाली बगू नगं. माज्या डोळ्यात बगून सांग."

पोरगी पडद्यावरच्या आईच्या डोळ्यात बघत होती, पण तिकडे आईला ती खाली बघतेय असंच दिसणार. कॅमेरा वर असतो ना! मी हळूच सांगितलं, "बाळा, तो वरचा बारका ठिपका आहे ना, त्याच्याकडे बघ. म्हणजे तू आईकडे बघतेस असं तिला दिसेल."

तिने ठिपक्याकडे पाहिलं. एक क्षण. मग पुन्हा खाली. मग वर. आणि म्हणाली, "आई, तितं बगितलं का तू मला दिसत न्हाईस."

तिकडे जरा वेळ काही आवाज नाही. मला वाटलं, गेली लाईन. मी वायरकडे झेपावले. पण चित्र हलत होतं. आई पदराने तोंड पुसत होती.

"नगं दिसू दे," ती म्हणाली. "मला तू दिसतीस ना. बग तितंच."

पोरगी बघत राहिली. डोळे त्या ठिपक्यावर लावून, पापणी न हलवता, आईला न बघता. आई तिला बघत होती, पोटभर. मग म्हणाली, "मागं वळ, येनी दाव." पोरीने पाठ केली. "कोन घालतं?" "माजी मीच." "बरी घालती."

मग आईने तोंड फिरवून मागे कुणाला तरी हाक मारली. "आवो, ऐकलं का! उद्याची गाडी धरू नगा. ऱ्हाऊ द्या तिला तितं."

पोरगी उठली. दुसरं पोर स्टुलावर बसलं. ती सरांच्या, मावशींच्या मधून बाहेर गेली, आणि जरा वेळाने मी पाहिलं तर पायरीवर बसून पिशवी उलटी करत होती. कपडे, कंगवा, चप्पल. मग मला हाक मारून म्हणाली, "ताई, लायब्रीचं पुस्तक उद्या परत मिळंल का? माजी तीन पानं ऱ्हायलीत."